जुलैची नोंद

कपाटाची कडी खट्ट वाजली आणि दुपारचं शांत घर दचकलं. मित्रांनो, साड्यांच्या घड्यांखालून मला बाहेर काढलं गेलं. मी एक जुनं, कडा झिजलेलं सेवापुस्तक आहे, म्हणजे शिक्षकाच्या नोकरीची कुंडलीच. त्यातही मी दुय्यम. मूळ प्रत शाळेत असते. तिच्यासारखीच लिहिलेली दुसरी प्रत घरी, ती मी.

माझी मालकीण रुपालीबाई. ठाण्यातल्या एका मराठी शाळेत त्या नोकरीला लागल्या, तेव्हा माझा जन्म झाला. माझ्या पहिल्या पानावर त्यांच्या बोटांचे ठसे आहेत. ओळखीची खूण, हनुवटीवर तीळ. दरवर्षी शाळेचे कारकून दौलत भाऊसाहेब माझ्यात वेतनवाढ लिहायचे. अक्षर कसं, मोत्यासारखं!

"बघा बाई, पुस्तक कसं नवरीसारखं नटवलंय!"

बाई हसायच्या आणि न वाचताच सही करायच्या.

मग नवी वेतनश्रेणी आली. त्या घाईत भाऊसाहेबांनी पुढच्या जुलैची वाढ याच जुलैत लिहून टाकली. 'जादा रक्कम मिळाल्यास परत करीन' अशी छापील हमीपत्रंही आली. शिक्षकांनी एकमेकांच्या पाठीवर कागद ठेवून सह्या ठोकल्या, कारण चहा निवत होता. ती चूक मला टोचायची हो, पण पुस्तकाला कुठलं तोंड? पुढची प्रत्येक वाढ तिच्याच डोक्यावर चढत गेली. भाऊसाहेब निवृत्त होऊन गावी गेले. मी डांबरगोळ्यांच्या वासात पडून राहिलो.

पंधरा वर्षांनी पडताळणीत ती चूक सापडली. शाळेतून नोटीस आली, जादा गेलेल्या पैशांसाठी पाच वर्षं पगारातून कपात. बाईंनी सोमवारपर्यंत नोटिशीवर 'मान्य' लिहून द्यायचं. ती नोंद बघायलाच आज त्यांनी मला बाहेर काढलं.

"अगं, तू कधी जास्त मागितलेलंस का?" त्यांचे यजमान सुदेशराव चिडले.

"मागितलं नव्हतं. पण सही माझीच आहे ना."

"सही सगळ्यांनीच केलेली! मग काय, अख्खी शाळा चोर?"

त्या शब्दासरशी बाईंनी हातातलं पेन बंद केलं. पगार कापला तर त्या कसंबसं निभावतील. पण आपल्याच हाताने 'मान्य' लिहायचं? खडूचा तुकडासुद्धा विचारून घ्या, असं पोरांना शिकवणाऱ्या त्या.

मित्रांनो, मला छान कव्हर घालू नका. नटवूही नका. वर्षातून एकदा फक्त उघडा, आणि जिचं आयुष्य माझ्यात लिहिलंय तिला ते वाचून दाखवा. एवढीच माझी निगा.

बाईंनी पेन उघडलं. 'मा' लिहिला. जास्त दिल्या गेलेल्या पगाराला नोटिशीत एक मोठा शब्द होता. पाचवीतली संचिता आईच्या खांद्यावरून तो फोडून वाचू लागली.

"अति-प्र-दान. अति म्हणजे जास्त. आणि दान म्हणजे..."

ती पुढे वाकली. आईच्या तोंडाकडे बघत राहिली.

"आई, तू तर रोज शाळेत जायचीस ना? मग तुला दान कशाला दिलं गं त्यांनी?"