खापऱ्याचा पाव

आता नीरजा काय बाई आहे ते आरोंद्यात कुणालाही विचारा. देवळात चपला काढतानासुद्धा आधी शेजारी कोण उभं आहे ते बघून घेणारी. गावच्या वाचनालयात मुलांच्या पुस्तकांचं कपाट तिच्या ताब्यात दिलं ते याच गुणावर. आणि नेमक्या याच बाईच्या कपाटातून, कुलूप जागच्या जागी असताना, पुस्तकं नाहीशी व्हायला लागली. मग तिचं काय झालं असेल ते सांगायलाच नको.

पुस्तकंही साधीसुधी नव्हेत. मूळचे आरोंद्याचे, आता कोल्हापुरात राहणारे दत्तप्रसाद सर यांनी मुलांसाठी ‘खापऱ्याची गुहा’ नावाची गोष्ट लिहिली होती आणि गठ्ठाभर प्रती वाचनालयाला भेट पाठवल्या होत्या. रविवारी वाचनालयाचा वर्धापनदिन. सर स्वतः येणार, मुलं त्याच गोष्टीचं नाटक करणार आणि सरांच्या हस्ते प्रत्येक मुलाला एकेक प्रत मिळणार. नाटकात खापरो कोण, तर नीरजाची ओवी, चौथीतली. मुख्य भूमिका! नीरजाने ग्रुपवर फोटो टाकून अभिनंदनंही गोळा केली होती.

खापरो कोण हे गावात सांगावं लागत नाही, पण परक्याला सांगायला हवं. खाडीकाठी काजूच्या झाडाखाली एक काळा दगड आहे, तो खापरो. गाव म्हणतं, फिरंग्याने साखळदंड घालून आफ्रिकेतून गोव्यात आणलेला कुणी एक होता. तो पळाला, खाडी पोहून अलीकडे आला आणि मरेपर्यंत इथली राखण करत राहिला. त्याला पाव आणि बिडी ठेवतात. आयुष्यभर पावच खाल्ला बिचाऱ्याने, आता पंचपक्वान्न कशाला, असं म्हातारे सांगतात.

सरांच्या पुस्तकात यातलं काही नव्हतं. तिथे खापरो जाड ओठांचा, गळ्यात हाडांची माळ, पुढ्यात उकळती कढई, आणि कढईत टाकायला पकडून आणलेली गावातली पोरं. शेवटी टोपीवाला फिरंगी कप्तान बंदूक घेऊन येतो आणि पोरांना सोडवतो. नीरजाला त्यात काही वावगं वाटलं नाही. लहानपणी तिने असलीच पुस्तकं वाचली होती. बेटावरचे काळे लोक, तीच कढई, तोच टोपीवाला. ती नेहमी टोपीवाल्याच्या बाजूने असायची.

तालमीच्या पहिल्या दिवशी नाटक बसवणाऱ्या दिव्या बाई काळ्या रंगाचा डबा हातात घेऊन म्हणाल्या, “ओवीला याची गरजच नाही!” सगळे खो खो हसले. नीरजाही हसली. मस्करीच ती, असं तिला वाटलं.

पुस्तकं जायला लागली ती त्याच्या दुसऱ्या दिवसापासून. रोज एक. किल्ली नीरजाच्या पर्समध्ये आणि पर्स तिच्या घरात खुंटीला. म्हणजे नक्की कुणीतरी दुसरी किल्ली करून घेतली! नीरजाची झोप उडाली. रविवारी सरांसमोर प्रती कमी पडल्या तर नाक कापलं जाणार ते तिचंच.

पहिला संशय गुरुदासवर. तो वाचनालयाचा चिटणीस, आणि हे नाटक नको, दुसरं घ्या, असं सभेत बोलला होता. नीरजाने त्याची पिशवी टेबलावरून मुद्दाम पाडली. आतून सुके बांगडे निघाले.

“काय गो, बांगडे होये तर माग ना!” गुरुदास म्हणाला. सगळं वाचनालय हसलं आणि नीरजाच्या अंगाचा तिळपापड झाला.

मग तिने झाडलोट करणाऱ्या मथुराला धरलं. सरळ विचारायचं सोडून आडून आडून, “मथुरा, आजकाल रद्दीचो भाव बरो आसा काय गो?”

मथुराला कळायला कितीसा वेळ! तिने झाडू टाकला. “माझ्यार आळ घेतंस? ह्या वाचनालयात केस पिकले माझे. आदी तुझ्या घरात काय चल्ला हा ता बघ, मगे लोकांच्या पिशये तपास!”

हे मात्र नीरजाला झोंबलं. कारण घरातही काहीतरी शिजत होतं. सकाळी सायकलवर पाववाला येऊन जायचा आणि संध्याकाळी चहाला बघावं तर एक पाव कमी. वर नवऱ्याची, सर्वेशची, तक्रार की खिशातल्या बिड्या कमी होतात.

“कमी होनत नाय, तूच वडतंस आनि वर माकाच सांगतंस,” ती त्याच्यावर डाफरली.

“शपथ घालून सांगतंय गो, एकच वडतंय जेवल्यार!”

“तुझी शपथ माका सांगा नको.”

ओवी कोपऱ्यात दप्तर भरत होती. तिच्याकडे नीरजाने ढुंकूनही पाहिलं नाही. साऱ्या गावावर संशय घेऊन झाला, नवऱ्यावरही घेतला, पण पोटच्या पोरीवर कसा घेणार? अलीकडे ती गप्प गप्प असते, जेवत नाही, तोंड साबणाने घासून घासून लाल करते, हे दिसत होतं. नाटकाचं टेन्शन, दुसरं काय!

शनिवारी सकाळी नीरजाने कपाट उघडलं, तर आणखी एक प्रत गायब. ती तिथेच स्टुलावर बसली. पुस्तक, पाव, बिडी. पुस्तक, पाव, बिडी. रद्दीवाला पाव नेत नाही, गुरुदास बिडी ओढत नाही. मग पाव आणि बिडी एकत्र लागते कुणाला? आणि तिच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. अगं बाई, खापऱ्याला!

आता कोण हे धंदे करतंय ते बघतेच, म्हणून शनिवारची शाळा सुटायच्या वेळेला ती पदर खोचून खाडीवर गेली. दगडापुढे सगळी पुस्तकं एकावर एक रचलेली होती, वाऱ्याने उडू नयेत म्हणून वर एक धोंडा. बाजूला आधीच्या दिवसाचा पाव, त्याला मुंग्या लागलेल्या. नीरजाचे हात शिवशिवले. पण चोर हातचा जाऊ नये म्हणून ती काजूच्या आड दबा धरून बसली.

आणि आली कोण, तर ओवी. शाळेच्या गणवेशात, एकटी. तिने दप्तरातून पुस्तक काढलं, रुमालात बांधलेला पाव काढला, बिडी काढली. सगळं नीट मांडलं. मग देवळात गावचे मानकरी, गावकर, घालतात तसं, हात जोडून तिने गाऱ्हाणं घालायला सुरुवात केली.

“बा देवा म्हाराजा, खापऱ्या! तुझा लेकरू गाऱ्हाणा घालता हा, ता ऐक.”

आणि ती थांबली. गाऱ्हाण्यात प्रत्येक वाक्यानंतर भोवतालच्या माणसांनी ‘व्हय म्हाराजा’ म्हणायचं असतं. इथे म्हणायला कुणी नव्हतं. तरी ती तेवढा वेळ थांबली, मग पुढे गेली.

“ह्या पुस्तकात तुका मानसां खानारो केल्यानी हा. तू पाव खातंस, ता आमका ठावक आसा म्हाराजा.”

थांबली.

“तुका साकळ घालून फिरंग्यान हाडल्यान, ता ह्यात नाय. ह्यात फिरंगीच बरो. म्हणान पुस्तकां तुझ्याकडे ठेवलंय. पोरांका वाचूक गावली तर ती तुका भियतली. मी चोर नाय म्हाराजा.”

थांबली.

“शाळेत माका सगळी खापरो म्हणतत. बाईन सांगल्यान, ओवीक रंग नको. सगळी हसली. आवय पन हसली म्हाराजा.”

या वेळी ती जरा जास्तच थांबली. झाडाआड नीरजाने तोंडात पदर कोंबला. अख्ख्या गावाची झडती घेतली आपण, आणि जे गेलं ते आपल्याच घरातून, खुंटीवरच्या आपल्याच किल्लीने गेलं, आपल्याच हसण्याने गेलं, हे तिला कळलं आणि रडू आवरेना.

“फाल्याच्या नाटकात माका उभा करू नको. कढयेकडे नाचूक माका जावचा नाय. येवढा कर म्हाराजा.”

“व्हय म्हाराजा,” नीरजा म्हणाली.

ओवी दचकून वळली. आईला बघून तिने आधी पुस्तकं पाठीमागे घातली. मार बसणार असंच वाटलं असेल तिला. नीरजा पुढे आली आणि तिथेच मातीत बसली. देवासमोर एकदा ‘व्हय’ म्हटलं की ते फिरवता येत नाही, मग कोल्हापूरहून सर येवोत नाहीतर आणखी कुणी. उद्या खापरो स्टेजवर जाणार नव्हता. दिव्या बाईंना, गुरुदासला, ग्रुपवरच्या सगळ्यांना काय सांगायचं ते नंतर बघू.

“घराक चल गो बाय,” ती म्हणाली.

ओवी हलली नाही. “आये, असा नाय चलना. परत्येक वाक्याक व्हय म्हणूचा लागता. नायतर देव ऐकना नाय.”

“बरा. घाल परत.”

ओवीने पुन्हा हात जोडले आणि पहिल्यापासून सुरुवात केली. लेकराचं गाऱ्हाणं ऐक, व्हय म्हाराजा. तू पाव खातोस, व्हय म्हाराजा. मी चोर नाही, व्हय म्हाराजा. नीरजाचा आवाज एकेका वाक्याला चढत गेला, खाडीत जाळं टाकणाऱ्या माणसाने मान वळवून बघितलं.

“सगळी हसली. आवय पन हसली म्हाराजा.”

ओवी थांबली. आईकडे न बघता, दगडाकडे बघत, वाट पाहत राहिली.

“व्हय म्हाराजा,” नीरजा म्हणाली.