शेवटच्या अल्बममधली माझी बोटं

मी मेले नव्हते. महिना बसले होते. एवढा साधा फरक आमच्या बँडमधल्या दोन शहाण्यांना कळला नाही, आणि त्यातला एक माझा नवरा आहे.

आमच्या बँडचं नाव 'ढिले स्क्रू'. आमच्या गावात, कांगशानमध्ये, दर तिसऱ्या घरामागे स्क्रूचा कारखाना. आम्ही आ-वेनच्या घरच्या कारखान्याच्या माळ्यावर वाजवायला लागलो, तेव्हा खालच्या यंत्रांच्या ठेक्यावरच आमची पहिली गाणी बसली. आ-वेन, म्हणजे माझा नवरा, ड्रमवर. त्सुंग-हान गिटार वाजवतो आणि गातो. मी बेस गिटारवर. आता हा अल्बम झाला की संपलं. कारखाना आ-वेनच्या गळ्यात पडलाय आणि त्सुंग-हान व्हिएतनामला, मेहुण्याच्या कंपनीत चाललाय. शेवटचा करायचा तर नीट करायचा, असं आम्ही तिघांनी ठरवलं होतं. तिघांनी.

पोट पुढे आलं तशी बेस त्यावर टेकवून मी पाच गाणी रेकॉर्ड केली. जाड तार वाजली की पेरू आतून लाथ मारायची. पेरू म्हणजे आमची लेक. ज्योतिषी नाव काढून देईपर्यंत हेच. चार गाणी राहिली आणि बाईसाहेब वेळेआधीच आल्या.

मग बाळंतिणीनं घरात बसून काढायचा तो महिना. सासूबाईंनी खिडक्यांच्या फटीत टॉवेल कोंबले. थंड पाणी नाही, केस धुणं नाही, वजन उचलणं नाही, आणि रडणं तर नाहीच. या महिन्यात रडलं की म्हातारपणी डोळे जातात. दोन्ही वेळेला काळ्या तिळाच्या तेलात आलं परतून, तांदळाच्या दारूत शिजवलेली कोंबडी. मी कुरकुरले, पण बसले. खरं सांगायचं तर सुखही वाटलं. पेरूच्या टाळूला दूध आणि आलं मिसळल्यासारखा वास यायचा, तो हुंगत पडून राहायचे. तिला खांद्यावर घेतलं की तिच्या इवल्या पाठीवर उरलेल्या चार गाण्यांचा बेस बोटांनी वाजवायचे, विसरायला नको म्हणून. ती ढेकर द्यायची. एवढा प्रामाणिक श्रोता मला आधी मिळाला नव्हता.

"रेकॉर्डिंग थांबलंय ना?" मी आ-वेनला विचारायचे.

"तू कोंबडी खा," तो म्हणायचा.

मी कोंबडी खाल्ली.

महिना भरला त्या शनिवारी घरभर वाटायचे तेलभाताचे डबे आणि लाल रंगवलेली अंडी. जेवणं आटपून पाहुणे पांगले, तेव्हा त्सुंग-हान आला. पेरूसाठी सोन्याची एवढीशी अंगठी, आणि काखेत स्पीकर.

"तुझ्यासाठीही भेट आणलीये, आ-मान. अख्खा अल्बम! सोमवारी छापायला जातोय."

"अख्खा कसा? माझी चार गाणी राहिलीत."

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. नवऱ्याची ही नजर मी ओळखते. हातातून काठी निसटली की तो असाच बघतो, कुणाच्या लक्षात आलं का म्हणून.

त्सुंग-हानने पहिलं गाणं लावलं. ड्रम, गिटार, मग बेस. गुळगुळीत, वेळेवर, घासूनपुसून ठेवलेला. भलत्याच कुणाचा. मी तार सोडताना अंमळ रेंगाळते, चप्पल घासत चालल्यासारखी. ते चूक आहे की बरोबर ठाऊक नाही, पण माझं आहे. या गाण्यात ते नव्हतं. पुढच्यातही नव्हतं.

"अरे, ही गाणी तर मी वाजवली होती!"

"हो, पण पाच गाण्यांत एक बेस आणि चारात दुसरा, ते कानाला खटकत होतं," त्सुंग-हान म्हणाला. "म्हणून तैपेईहून एकाला बोलावून सगळीच वाजवून घेतली. गुणी माणूस आहे. तुझं फार कौतुक करत होता."

"माझं पुसून मग माझं कौतुक?"

"पुसलं नाही गं. बंद करून ठेवलंय नुसतं."

"आणि मला विचारायला तोंड नव्हतं?"

"महिन्यात वाईट काही सांगायचं नसतं," आ-वेन पुटपुटला. "तू रडली असतीस. तुझे डोळे..."

"माझ्या डोळ्यांची काळजी, होय रे? रोज कोंबडीचा वाडगा हातात देत होतास, तेव्हा ठाऊक होतं तुला?"

तो उरलेले डबे एकावर एक रचायला लागला.

"मग आता रडू का? महिना संपला. आजपासून परवानगी आहे."

माझ्या आवाजानं पेरू दचकून उठली आणि तिनंच सूर लावला. सासूबाई स्वयंपाकघरातून आल्या, बोटं अंड्यांच्या रंगानं लाल. आता मलाच गप्प करणार, असं वाटलं मला. आमचं गाणं त्यांना जिन्यावरून घरंगळलेल्या डब्यांसारखं वाटतं.

"काय रे, कशाला ओरडताय?"

"काही नाही आई," आ-वेन म्हणाला. "आ-मान बसली होती ना, म्हणून तिच्या जागी एक माणूस घेतला."

"घेतला तर घेतला. आता उठव त्याला. ती उठली ना?"

"तसं नसतं आई. रेकॉर्डिंग झालं."

सासूबाईंनी पेरूला उचललं आणि तिच्या डोक्यावरून लेकाकडे पाहिलं. "हिची हाडं भरून यावीत, हिनं पुन्हा आपल्या कामाला लागावं, म्हणून महिनाभर मी तेलात कोंबड्या परतल्या. तुम्ही काय समजलात, हिच्या फोटोपुढे उदबत्त्या लावत होते?"

त्सुंग-हानला हसू आलं. ते त्याला महागात पडलं.

"दात काढू नकोस. पोर हिनं काढलं, आणि तुमच्याच्यानं नुसतं थांबवलं नाही?"

तो ओशाळला, पण हटला नाही. माझ्याकडे वळून हळूच म्हणाला, "खरं सांग आ-मान, ऐकणाऱ्याला कळणार आहे का?"

इतका वेळ मी चिडले होते. या प्रश्नानं मात्र आतून पेटले.

"नसेल कळणार. पण उद्या पेरू हा अल्बम लावेल, तेव्हा तिला काय सांगू? तुझी आई कव्हरवरच्या फोटोत आहे, आत नाही? माझी पाच गाणी परत घाल. राहिलेली चार मी उद्या वाजवते. नाहीतर फोटोतूनही मला काढ आणि त्या गुणी माणसाला उभा कर."

रविवारी कारखाना बंद होता. माळ्यावर गेले, बेस गळ्यात घातली आणि पहिल्याच गाण्यात कळलं, महिन्यानं माझ्या बोटांचे घट्टे नेलेत. बोटं वाफवलेल्या पावासारखी मऊ झाली होती. तरी पहिलं झालं. दुसरं झालं. तिसऱ्याला फोड आले, आणि खालून पेरूचं रडणं ऐकू आलं तशी सदऱ्यावर दुधाची दोन वर्तुळं उमटली. त्यावर कुणी बोलून तर बघायचं होतं.

चौथ्याला तर्जनी चिरली. तार निसटायची. पुन्हा, पुन्हा, पुन्हा. आ-वेन पेरूला घेऊन वर आला आणि दारातच उभा राहिला.

"एवढं एक राहू दे ना त्या माणसाचं," त्सुंग-हान म्हणाला. आवाजात खरंच माया होती, म्हणून जास्त राग आला. "एकच गाणं."

"त्याचं बंद कर."

"मग?"

"मग काही नाही. बेसशिवाय जाऊ दे."

"खाली रिकामं वाटेल गं."

"वाटू दे. त्या जागी मी नसेन, तर कुणीही नको."

त्सुंग-हानने आशेनं आ-वेनकडे पाहिलं. आ-वेनने पेरूला या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतलं.

"ती म्हणते तसं कर," तो म्हणाला.

त्सुंग-हानने बटण दाबलं. त्या माणसाचा बेस गेला, आणि त्सुंग-हानचा स्वतःचा आवाज, अंधारात पायरी चाचपडावी तसा, उघडा पडून पुढे गेला. तो मान खाली घालून शेवटपर्यंत ऐकत राहिला.

"भोक पडलंय गाण्याला."

"हो," मी म्हणाले.

आ-वेनकडून पेरूला घेतलं, चिरलेलं बोट तिच्या गालापासून लांब धरून तिथेच पाजायला बसले, आणि त्सुंग-हानला म्हटलं, "परत लाव."