दाराला टेकू दिलेला शिक्का

मी एक जुना शिक्का आहे. रबराचा नव्हे हं, मित्रांनो! शाईत तोंड बुडवून निळा डाग पाडणारे ते वेगळे. मी अस्सल ओतीव लोखंडाचा आहे. माझ्या जबड्यात कागद सरकवा, डोक्यावरचा दांडा खाली ओढा, की कागदावर डोंगर, नांगर आणि आमच्या अल्डर काउंटीचं, म्हणजे जिल्ह्याचं, नाव असं ठसठशीत उठून येतं, की डोळे मिटले तरी अंगठ्याला कळावं!

एका ओतशाळेत माझा जन्म झाला. तिथून रेल्वेने अमेरिकेतल्या मोंटाना राज्यात आलो आणि कोर्टाच्या नोंदणी खिडकीमागे ऐटीत बसलो. निकालाची नक्कल असो, वारसाचा हुकूम असो, मी दाबल्याशिवाय तो कागद कुणी खरा मानत नसे. म्हातारे रँचवाले, म्हणजे गुरांचे मळेवाले, कागदावरून बोट फिरवून म्हणत, "वा, काय उमटलाय!" आणि मी आतल्या आत फुलून जाई.

त्या काळातला एक खटला मी विसरलेलो नाही. शेजारच्या सेजवेल काउंटीतल्या कोरीन हॉगेन नावाच्या पोरीवर शेजाऱ्याचं वासरू चोरल्याचा आरोप होता. आता सेजवेल म्हणजे चिमूटभर वस्ती. ज्युरी, म्हणजे निकाल देणारे बारा गावकरी, निवडायला बसले, तर एक निघाला कोरीनचा चुलतभाऊ, दुसरा शेजाऱ्याचा मेहुणा, तिसरी दोघांचीही आत्या! सगळंच घरचं कार्य. शेवटी न्यायाधीशांनी वैतागून खटला कागदपत्रांसकट आमच्याकडे धाडला. आमच्या बारा परक्या माणसांनी सगळं ऐकलं आणि सांगितलं, निर्दोष!

खिडकीवर तेव्हा नवीनच लागलेली आर्लिस ट्वेट होती. ती म्हणाली, "नक्कल घेऊन जा गं. कधीतरी उपयोगी पडेल."

कोरीन डोळे पुसत म्हणाली, "कशाला हो? आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक आहे मी चोर नाही." आणि गेली. मी दांडा वर करून तसाच राहिलो.

पुढे छापील शिक्के मारणारं यंत्र आलं. बटण दाबलं की कागद आणि शिक्का एकदमच बाहेर. मला उचलून रेकॉर्डच्या खोलीच्या दाराशी ठेवलं. कशाला? तर दार आपोआप बंद होतं म्हणून टेकू! लोकांचे बूट लागत, हिवाळ्यात बर्फाचं पाणी अंगावर ओघळे. मी गंजलो. खूप वाईट वाटायचं, मित्रांनो. पण दाराशी असल्यामुळे कान मात्र दोन्हीकडे असत.

मग यंदा, शाळा उघडायच्या आदल्या दुपारी, एक बाई धापा टाकत खिडकीशी आली. केस पिकायला लागले होते, पण आवाज मी लगेच ओळखला. कोरीन! मला तर उडीच मारावीशी वाटली, पण लोखंड कसलं उडी मारतंय!

ती हळू आवाजात सांगू लागली. तिला शाळेच्या पिवळ्या बसची चालक व्हायचं होतं. चाचणी पास झाली होती, उद्या पहिली फेरी. पण राज्याच्या संगणकात तिच्या नावापुढे 'अटक' एवढंच होतं. पुढे काय झालं, तो रकाना कोरा. शाळेचे नवे अधीक्षक बाहेरगावचे. ते म्हणाले, पाचच्या आत निकालाची शिक्क्याची नक्कल आणा, नाहीतर बस दुसऱ्याला देतो.

"सकाळपासून आमच्या कोर्टात शोधतेय," ती रडवेली झाली होती. "सगळे म्हणतात, अगं आम्हाला माहितीये तू सुटलीस. पण कागद कुणाकडेच नाही!"

"असणार कसा? खटला जिथे चालला तिथे कागद," अजूनही त्याच खिडकीवर असलेली आर्लिस म्हणाली. "आणि कुजबुजतेस काय? खुल्या कोर्टातला निकाल आहे तो. कुणीही यावं, मागावं. नाव सांग."

"कोरीन पेलकी."

"खटल्याच्या वेळचं सांग, बाई. लग्नाआधीचं!"

"हॉगेन!"

इतकं जुनं संगणकात नव्हतं. आर्लिसने कार्डांचा खण ओढला, क्रमांक काढला आणि मला ओलांडून आत गेली. आतून तिची आरोळी आली, "सापडलं गं!" मी आनंदाने थरथरलो असेन, कारण दार हललं.

पण छापील शिक्क्याची नक्कल हातात घेताच कोरीनचा चेहरा पडला. "अधीक्षक अंगठा फिरवून बघतात हो. छापलेलं चालत नाही म्हणाले. हाताला लागायला हवं."

आर्लिसने कपाळावर हात मारला. मग तिची नजर खाली आली. माझ्यावर! इतक्या वर्षांनी!

मला टेबलावर चढवलं. आर्लिसने दांडा ओढला. हलेना! मी जीव तोडून प्रयत्न करत होतो, पण सांधे गंजलेले. दुसऱ्यांदा ओढला तेव्हा अर्धाच डोंगर उमटला आणि नक्कल फुकट गेली.

खिडकीशी डेल्मर नावाचा एक रँचवाला उभा होता. ज्युरीच्या कामातून सुटका मिळावी म्हणून अर्ज घेऊन आला होता आणि मघापासून कुरकुरत होता. तो म्हणाला, "अहो, कुस्ती कसली खेळताय त्याच्याशी? थांबा!" आणि आपल्या पिकअपमधून बंदुकीचं तेल घेऊन आला. माझ्या सांध्यांत थेंब थेंब सोडलं. आहाहा! काय सांगू मित्रांनो, तहानलेल्याला पाणी!

"आता ओढा बरं," तो म्हणाला.

नवी नक्कल जबड्यात आली. आर्लिसने दांडा ओढला आणि खट्ट! डोंगर, नांगर, अक्षर न् अक्षर उठून आलं. कोरीनने अंगठा फिरवला आणि तिथेच हमसून हमसून रडली.

"आणखी एक द्या," ती म्हणाली. "ही माझ्यासाठी. तेव्हाच घ्यायला हवी होती."

"मी सांगितलं होतं की नाही?" आर्लिस म्हणाली. "पळ आता!"

कोरीन पळाली. डेल्मर खिडकीशी सरकला. "काय हो, हिला सोडणारे ते बारा जण कोण होते?"

"तुमच्यासारखेच. कुरकुरतच आले होते."

त्याने अर्ज घडी करून खिशात कोंबला आणि ज्युरीला यायची तारीख विचारून गेला.

त्या दिवसापासून मी खिडकीमागे परत आलो आहे. दाराला आता वीट लावतात. पण बस तिला मिळाली की नाही, हे मला कोण सांगणार? मी झुरत राहिलो.

मग हिवाळ्यात एका शनिवारी पिवळी बस कोर्टासमोर थांबली. सेजवेलची पोरं बास्केटबॉलच्या सामन्याला आमच्या गावी आली होती. कोर्टाला सुट्टी, पण आर्लिसने मुद्दाम दार उघडलं होतं. पोरांच्या मागून किल्ल्या खुळखुळवत आली आमची कोरीन!

"आमच्या पण कागदावर मारा ना!" पोरांनी गिल्ला केला.

"कोऱ्या कागदावर? मला तुरुंगात पाठवता का रे?" आर्लिस ओरडली.

मग कोरीनने आपली नक्कल पोरांपुढे धरली. पोरांनी एकेक करून अंगठा फिरवला. एका छोटीने विचारलं, "यात काय लिहिलंय, कोरीनताई?"

कोरीन खणखणीत आवाजात म्हणाली, "मी चोर नाही, असं."

मित्रांनो, तुमच्याही गावच्या कोर्टात असे कागद कुणीतरी मागायला यावं म्हणून थांबलेले असतात. खिडकीशी जा, कुजबुजू नका, मोठ्याने मागा. आणि तिथे दाराशी माझ्यासारखा कुणी टेकू म्हणून पडलेला दिसला, तर त्याला उचला आणि दोन थेंब तेल द्या.