न वाचलेला खुलासा

मी एक लिफाफा बोलतोय. खाकी, लांबट, दुकानात पंचवीस जणांच्या गठ्ठ्यात पडून असतात त्यातलाच एक. माझी भावंडं कुणाचे नोकरीचे अर्ज, कुणाच्या गुणपत्रिका घेऊन मार्गी लागली. माझ्या वाट्याला एका पोलीस शिपायाचा खुलासा आला.

दवाखान्यात त्याच्या पहाऱ्यातून एक कैदी पळाला होता. वरिष्ठ कार्यालयातून नोटीस आली : सात दिवसांत लेखी खुलासा द्या, नाहीतर तुम्हाला काही म्हणायचं नाही असं समजून बडतर्फ करण्यात येईल. एकवीस वर्षांची नोकरी, आणि सात दिवस.

रविवारी सकाळी स्वयंपाकघरातल्या टेबलावर तो खुलासा लिहिला गेला. शिपायाचं अक्षर म्हणजे मुंग्यांचे पाय, म्हणून तो सांगत होता आणि त्याची मुलगी लिहीत होती.

"लिही. पहारा दोघांचा होता. जोडीदाराला ठाण्याच्या साहेबांनी परत बोलावून घेतलं. दुपारी मला फोन आला, खाली फाटकावर ये, पाहुणे येतायत. मी म्हटलं, साहेब, इथं कैदी एकटा राहील. ते म्हणाले, सांगितलं तेवढं कर."

"हे कुणी ऐकलं का, बाबा?"

"वॉर्डातल्या नर्सबाई शेजारीच होत्या. त्यांना विचारा म्हणावं. लिही तसं."

तीन पानं झाली. बायको भाजी चिरता चिरता म्हणाली, "अहो, एवढं कोण वाचत बसणार?"

"वाचतील गं. माणसाची नोकरी जातेय म्हटल्यावर वाचावंच लागतं."

मुलगी फार जपून काम करणारी. तिनं माझ्या तोंडाला डिंक लावला, वर चिकटपट्टी लावली आणि जोडावर बाबांची आडवी सही घेतली. मधल्या मधे कुणी पान काढून घेऊ नये, एवढाच तिचा हेतू होता. तीन पानं पोटात घेऊन मी अगदी जबाबदार झालो.

सहाव्या दिवशी शिपायानं मला कार्यालयात आणलं. साध्या कपड्यात होता, तरी दारात कुणी अधिकारी दिसला की त्याचा हात कपाळाकडे जायचा आणि अर्ध्यावर थांबायचा. आवक टेबलावरच्या बाबूंनी माझ्यावर शिक्का मारला, त्याला पोच दिली आणि माझ्या कोपऱ्याला भोक पाडून मला त्याच्या फाईलमध्ये ओवलं. बाबू माणूस वाईट नव्हता. लिफाफे मोठ्या साहेबांनी उघडायचे, असं त्यांना वाटत होतं. उघडूनच आपल्यापुढे येतात, असं साहेबांना वाटत असावं. माझ्याकडे बघण्याचे कष्ट कुणीच घेतले नाहीत.

फाईल मोठ्या साहेबांपुढे गेली.

"खुलासा आला का?"

"आला, साहेब."

"मुदतीत?"

"हो."

"मग झालं. आदेश तयारच आहे. तेवढी तारीख टाका."

आदेशात लिहिलं होतं, 'अपचाऱ्याचा खुलासा बारकाईने वाचला. त्यातील एकही मुद्दा समाधानकारक वाटत नाही.' अपचारी म्हणजे आमचा शिपाई. मी साहेबांच्या पेनापासून वीतभर अंतरावर होतो. क्षणभर मलाच शंका आली, की मी कधी उघडलो गेलो आणि मला कळलंच नाही की काय! पण डिंक तसाच होता, चिकटपट्टी तशीच होती, सही तुटलेली नव्हती.

खरं सांगतो, तेव्हा मला थोडी आशा वाटली होती. अपील होईल, फाईल वर जाईल, तिथं कुणीतरी विचारेल, बंद लिफाफा वाचला कसा? माझं चिकटलेलं तोंड हीच माझी साक्ष होती. त्या आशेवर मी कपाटात पाच महिने काढले.

मग एक दिवस शिपाई आला. गालफडं बसली होती. बाबूंच्या टेबलासमोर उभा राहून हळूच म्हणाला, "बाबू, अपील केलंय. पुढच्या आठवड्यात सुनावणी आहे. साहेबांना माझा कुठला मुद्दा पटला नाही, तेवढं सांगता? तोच नीट मांडतो."

"ते कसं सांगता येईल?"

"नाही, पोरगी मनाला लावून बसलीय हो. म्हणते, बाबा, तुम्ही बरोबर सांगितलं, मीच धड लिहिलं नाही. अभ्यासात लक्ष नाही तिचं."

तो गेल्यावर बाबूंनी वर पाठवायला फाईल काढली. पानं उलटता उलटता त्यांचा हात माझ्यावर थांबला. त्यांनी मला उलटं केलं, सुलटं केलं. न उचकटलेल्या चिकटपट्टीवरून बोट फिरवलं. त्यांच्या निवृत्तीला चार महिने राहिले होते. आजूबाजूला बघून त्यांनी स्टीलची पट्टी घेतली आणि बाबांच्या सहीतून मला सरळ फाडलं. तीन पानं बाहेर काढली, एक ओळही न वाचता फाईलला लावली आणि मला चुरगाळून टोपलीत टाकलं.

आता फाईल अगदी नियमानुसार आहे. नोटीस आहे, खुलासा आहे, विचार केल्याचा आदेश आहे. अपील ऐकणाऱ्यांना त्यात खोट सापडणार नाही. साक्ष द्यायला मी होतो, तो केराच्या टोपलीत आहे. उद्या रद्दीत जाईन, भिजवून माझा लगदा होईल.

मला स्वतःसाठी काही मागायचं नाही. शिपायाला नोकरी परत मिळेल ही आशाही मी सोडली आहे. फक्त कुणीतरी त्या मुलीला जाऊन सांगा : बाळ, तुझं काही चुकलं नाही. तू लिहिलेलं कुणी वाचलंच नाही.