दहाव्याले घासलेला साचा

हात चालू झाला की माझं डोकं बंद होते, असं माझी माय म्हणे, अन् ते काही खोटं नाही. आत्याबाईच्या, म्हणजे माझी सासू सत्यभामा तिच्या, दहाव्याले मी घरातलं एकनएक भांडं विहिरीजवळ काढलं. सुतक फिटाच्या दिवशी आमच्यात मातीची भांडी फेकतात, पितळ चिंचेनं घासतात, अन् लोखंड आधी विस्तवात टाकतात, मग राखेनं घासतात. मी तव्याले सोडलं नाही, सांडशीले सोडलं नाही. शेवटी चुलीवरच्या खुंटीचा साचा काढला.

हा साचा आमच्या आंबागडात दुसऱ्या कोणाच्याच घरी नव्हता. दोन जाड लोखंडी झाकणं, मधात बिजागरी, मागं हातभर दांडे; उघडला की दोन्ही बाजूनं आत चौकोनी चौकोनी खळगे. माझे सासरे पुंडलिकराव, म्हणजे मामाजी, खाणीवरच्या साहेबाच्या बंगल्यावर खानसामा होते. साहेब मुलूख सोडून गेला तेव्हा हा साचा मामाजीले देऊन गेला. मडम त्यात अंडं घातलेल्या मक्याच्या पोळ्या करवून घे अन् वरून साखरेचा पाक ओते. आत्याबाईनं एक दिवस ते ऐकलं अन् म्हटलं, "मक्याले पाक कायले? मक्याले मिरची पाहिजे." तिनं अंडं काढलं, आंबट ताक घातलं, लसूण, मिरची, सांभाराची म्हणजे कोथिंबिरीची पानं, ओवा घातला. त्याले आमच्या घरी चौकटी म्हणत. वरून कुरकुरीत, आतून मऊ, अन् प्रत्येक खळग्यात कच्च्या तेलाचा एक थेंब.

साच्याले ती कोणाले हात लावू देत नसे. फडक्यानं पुसे अन् खुंटीले टांगे. आतून तो तव्याच्या बुडासारखा काळाकुट्ट होता. मले वाटे, म्हातारीले घासाचा कंटाळा. घ्या! मी त्याले विस्तवात लाल केला अन् धानाचं तणस, राख, विटेचा चुरा घेऊन तास दीड तास घासला. शेजारची रेवताबाई धुणं धुऊन राहिली होती. ती म्हणाली, "काय वो, आरसा केला न त्याचा." मले बरं वाटलं. कोणी चांगलं म्हटलं की मले बरं वाटते, हा माझा दुसरा दोष.

आयत्याचा, म्हणजे धिरड्याचा, तवा घासत नाहीत हे मले काय माहीत नव्हतं? धा वर्षांची पोट्टी सांगेल. पण दहाव्याच्या दिवशी माणूस विचार करत नाही, उरकत राहते.

तेरवी झाली, पाहुणे गेले, अन् मग मामाजीनं खाणं सोडलं. सोडतो म्हणून सोडलं नाही. ताट समोर घेत, एक घास चिवडत अन् म्हणत, "ठेव बाई, मंग खातो." मंग कधी येतच नव्हता. चहा घेत, तोही अर्धा. वीसेक दिवसांत त्याईच्या सदऱ्यात दोन मामाजी मावतील असं झालं. तुमसरचा डॉक्टर येऊन पाहून गेला अन् म्हणाला, पोटात काही जात नसेल तर दवाखान्यात भरती करा. आमच्या ह्यायनं ठरवून टाकलं, उद्या सकाळी बंडी जुपाची, सडकेवर एसटी धराची. मामाजीनं ऐकलं अन् भिंतीकडे तोंड केलं. आत्याबाई त्याच दवाखान्यात वारली होती. मले त्याईचं मन समजत होतं. तिथं नेलं तं हा माणूस परत येत नाही, हे मले तुळशीवर हात ठेवून सांगता आलं असतं.

आमचे हे धानाच्या चुरण्यावर, मळणीले, गेले. मी अंगण झाडून राहिली होती तं ओसरीतून आवाज आला.

"बाई, चौकटी जमतील का तुले?"

माझ्या हातातला झाडू थांबला. वीस-बावीस दिवसांत या माणसानं पहिल्यांदा काही मागितलं होतं.

"होव मामाजी. कायले नाही जमणार?" असं म्हणून मी आत पळाली.

मका होता. वाडीतली कणसं सुकवून टांगली होती. मी जात्यावर भरड काढली, ताकात भिजवली, पाट्यावर लसूण-मिरची वाटली. तोवर सगळं बरं होतं. साचा चुलीवर तापाले ठेवला, तेलाचं बोट फिरवलं, पीठ ओतलं, मिटवला, उलटवला. वास सुटला, अगदी तोच. ओसरीतली खाट करकरली. मामाजी उठून बसले होते.

मी साचा उघडला अन् चौकट मधातून फाटली. अर्धी वर, अर्धी खाली, दोन्ही झाकणांले अशी चिकटली जशी काय तिथंच जन्मली. मी उलथण्यानं खरवडली. हाती भुगा आला.

दुसऱ्या खेपेले तेल जास्त घातलं. तेच. तिसऱ्या खेपेले विस्तव कमी केला. वरून करपली, आतून कच्ची, अन् सुटाचं नाव नाही. तेव्हा कुठं माझ्या डोक्यात उजेड पडला. तो काळा थर मळ नव्हता. आत्याबाईनं वर्षानुवर्षं तेल पाजून पाजून तो साच्याच्या अंगावर चढवला होता, अन् मी तासा-दीड तासात विटेनं उतरवून टाकला. मी चुलीपुढं बसली अन् हातात तोंड घालून म्हटलं, आता काय सांगू मी या माणसाले?

"झाली का वो?" ओसरीतून आवाज.

"विस्तव ओला आहे, मामाजी."

विस्तव कधी ओला राहते का? पण भ्यायलेल्या माणसाच्या तोंडातून काहीही निघते.

पीठ दोन चौकटींपुरतं उरलं होतं. दुसरं दळाले वेळ लागला असता, अन् तोवर त्याईची भूक मेली असती तं? उद्या बंडी जुपाची होती. घासलेला तवा रोजच्या तेलानं पुन्हा काळा झाला होता; तो ठेवला, जाड धिरडं घातलं, खरपूस केलं, अन् वरची बाजू ओली असतानाच बांबूच्या कामटीनं तिच्यावर आडव्या-उभ्या रेघा दाबल्या. चौकोन उठले. दुरून पाहणाऱ्याले फसवाले पुरे होते. मले माझी लाज वाटत होती, पण लाजेनं पोट भरत नाही, ना माझं, ना त्याईचं. कच्चं तेल सोडलं अन् ताट समोर नेऊन ठेवलं.

मामाजीनं ताटाकडे पाहिलं. मग माझ्याकडे. मग हळूच बोटानं ते धिरडं उलटं केलं.

मागून ते सपाट होतं. चौकटीले दोन्हीकडून खळगे राहतात, अन् मी एकाच बाजूले रेघा मारल्या होत्या. अशी मी हुशार.

"साचा आण," ते म्हणाले.

आणला. आतून चांदीसारखा चमकत होता, फक्त कोपऱ्याकोपऱ्यात करपलेला मका. मी दाराले टेकून उभी राहिली. मनात म्हटलं, आता द्या शिव्या.

त्याईनं खळग्यांवरून अंगठा फिरवला. फिरवतच राहिले. डोळ्यातून पाणी चाललं होतं अन् ते पुसत नव्हते.

"घासला."

"होव. दहाव्याले. सगळ्यासंगं घासला. मले... माझ्या ध्यानातच नाही आलं, मामाजी." अन् मी जी रडाले लागली! आत्याबाईच्या मौतीले रडली नव्हती तेवढी रडली.

ते म्हणाले, "दहाव्याले घासाच लागते. तू काही गैर नाही केलं." मग नाक पुसलं. "सत्यभामानं बावीस वर्षं पाणी लागू देलं नव्हतं त्याले. जा, वांग्याचा देठ आण. अन् तेलाची वाटी."

बावीस दिवस खाटेवरचा माणूस, भिंत धरून चुलीपुढं येऊन बसला. साचा तापवला, देठ तेलात बुडवून खळगा न खळगा पुसला, पुन्हा तापवला, पुन्हा पुसला. धूर निघाला, लोखंड जरासं भुरकं झालं. पाच-सहा खेपा झाल्या. मले हात लावू देत नव्हते. मग उरलेलं पीठ ओतलं.

तीही फाटली. पण या बारीले अर्धीच चिकटली, अर्धी सुटली.

"पहिल्या साली तिच्याही अशाच फाटत," ते म्हणाले. "आम्ही दोघंही फाटक्याच खाऊन राहत होतो." त्याईनं फाटका तुकडा उचलला, खाल्ला, चावत राहिले. "मीठ कमी आहे."

मी मीठ आणाले धावली. मामाजीनं ती चौकट संपवली, साच्याले चिकटलेली खरवड संपवली, अन् मग माझं ते लबाड धिरडंही संपवलं. दुसऱ्या दिवशी बंडी जुपली नाही.

सायंकाळी साचा खुंटीले टांगताना म्हणाले, "बाई, एक ध्यानात ठेव. मी जाईन तं त्याच्या आधी हा रेवताबाईच्या घरी नेऊन ठेवजो. गेल्यावर नेशील तं त्याले सुतक लागलेलं राहील, मग पुन्हा घासाची पाळी."

"काय अभद्र बोलता, मामाजी," मी म्हटलं. पण त्याईनं मजाक केला नव्हता.

हे चौऱ्याहत्तर सालचं. त्यानंतर दर सोमवारी मी एक घाणा काढला. दोन वर्षांत चौकटी सुटाले लागल्या, पाच वर्षांत साचा काळा झाला. मामाजी रोज ताटावर बसले की काही ना काही खोड काढत, अन् मी रोज तोंड वाजवत असे. बारा वर्षं असं चाललं.

शहाऐंशीच्या पौषात ते खाटेले लागले. या बारीले डॉक्टरनं भरती करा म्हटलं नाही, अन् त्यातच मी समजली. चार दिवस मी खुंटीकडे पाहत होती अन् हात उचलत नव्हता. साचा नेणं म्हणजे त्याईले तोंडावर सांगणं होतं, की तुम्ही आता चालले. अन् नाही नेला तं पुन्हा वीट, पुन्हा राख. पाचव्या दिवशी दुपारी त्याईचा डोळा लागला असं पाहून मी साचा काढला, पदराखाली घेतला अन् खाटेजवळून हळूच निघाली.

"बाई."

मी जागच्या जागी उभी राहिली. त्याईचे डोळे उघडे होते अन् माझ्या पदराकडे पाहत होते.

"दोन्हीकडून तेल लावलं का?"

"लावलं, मामाजी."

"मंग जा."

रेवताबाईचं घर चार पावलांवर आहे. त्या दिवशी मले तिथं पोचाले भल्ला वेळ लागला.