वीतभर अंतर

हिवाळ्यातील एका मंगळवारी सकाळी, भंगाराच्या गोदामामागील गल्लीच्या तोंडाशी, लष्कराच्या किरणोत्सार-शोधक पथकाने आपले टेबल मांडले. गोदामात फुटलेल्या एका डबीतील किरणोत्सारी भुकटी घराघरांत पसरली होती. रहिवाशांच्या वस्तू परत द्यायच्या की जमिनीत गाडायच्या, हे पथकातील हवालदार यंत्राने तपासून ठरवीत होता. एका पिशवीतून छोटा स्वेटर निघाला आणि हवालदाराने तो लगेच ओळखला. तो गेल्या वर्षी वारलेल्या त्याच्या भाचीचा होता. टेबलापुढे बांधलेल्या दोरीपलीकडे त्याची थोरली बहीण उभी होती.

"पोरीचं तेवढंच उरलंय रे," ती म्हणाली. "लहानपणी खेळात मला ठकवायचास, आज त्या यंत्राला ठकव."

यंत्र कापडाला जवळजवळ भिडवून धरावे, असे तो नव्या जवानांना शिकवीत असे. आज त्याने ते वीतभर वर धरले. काटा खाली आला. कोणाच्याही ध्यानात आले नाही. पण बहिणीने हात पुढे केले, आणि ती स्वेटर आधी गालाशी लावणार हे त्याला कळून चुकले. त्याने यंत्र खाली नेले. यंत्राची टकटक वाढत गेली.

"ताई," तो म्हणाला, "हा परत देता येणार नाही."