गुलाबी गालाचा हिटलर

सिनेमाचे बोर्ड रंगवाचा देवराव पेंटरचा एक कायदा होता. हिरो गुलाबी, खलनायक हिरवा. गांधीबागेतून जानारा मानूस नुसता रंग पाहे अन् समजून जाये, टाळी कोनासाठी वाजवाची.

बहात्तर साली टॉकीजवर हिटलरचा इंग्रजी पिच्चर लागला. मालक ईश्वरदासनं फोटो देला. मधात भला मोठा हिटलर, बाकी सारे बारके. देवरावचा हात सवयीनंच चालला. मोठं थोबाड म्हनजे हिरो. गाल गुलाबी, डोये पानीदार. बोर्ड चढला, अन् पोट्ट्यायनं त्याले हार घातला.

समोरच्या टपरीवर धोंडबा रोज देवरावसंग चहा घेई. हिटलरच्या लढाईत इंग्रजायच्या फौजेत असताना धोंडबा अन् त्याचा लहान भाऊ लहानू, दोघंही जर्मनायच्या कैदेत सापडले होते. लहानू तिथंच मेला. धोंडबानं बोर्ड पाहिला, अन् भरला कप खाली ठेवला.

"याले हिरो केला, गा?"

एवढंच बोलून गेला. मंग आलाच नाही.

देवरावले चहा गोड लागेना. भर दुपारी शिडी लावून त्यानं सारं थोबाड हिरवं करून टाकलं. तिकिटाच्या रांगेतून एक पोट्टा ओरडला, "ओ बुवा, हिरोले बुरशी लागली काय?"

ईश्वरदास धावत आला. "भूत टांगून तिकीट खपते काय? उतर खाली. उद्यापासून येऊ नोको."

देवराव तसाच, रंगाच्या हातानं, सक्करदऱ्याले धोंडबाच्या घरी गेला.

"बदलला, गा. काम गेलं, पन हिरवा केला."

धोंडबानं त्याच्या हिरव्या हाताकडं पाहिलं.

"हिटलर मी कुठं पाहिला? पहाऱ्यावरचा शिपाई पाहिला. गोरापान, गुलाबी गालाचा. आमाले आपल्या पोरीचा फोटो दाखवे. लहानूनं एक आलू उचलला, तं त्यानंच गोळी घातली. मंग शिट्टी वाजवत जेवाले गेला. तू पहिले काढला, तोच बराबर होता. म्हनून तं पाहवला नाही."

देवरावनं इचारलं, "उद्या येशीन चहाले?"

"पिच्चर उतरू दे आधी."

ईश्वरदासनं दुसरा पेंटर आनून गाल पुन्हा गुलाबी करून घेतले. पिच्चर लय दिवस चालला. टपरीवर देवराव एकलाच बसे, बोर्डाकडं पाठ करून.